चापोची वरची पट्टी

"थांबा! मीपण येतोय!"

'येतोय'वर तोदोरोकीबाईंचा आवाज तिसऱ्यांदा फाटला. काचेपलीकडून ध्वनिदिग्दर्शक कुराहाशीने तिसऱ्यांदा हसून अंगठा वर केला.

"झकास, बाई! हाच ठेवू."

माइकमागे उभ्या असलेल्या नऊ कलाकारांपैकी एकाचाही चेहरा हलला नाही. दोन वर्षांत सगळ्यांना सराव झाला होता.

चापो म्हणजे कार्टूनमधलं पाणमांजराचं पिल्लू. वय सहा. बाईंचं वय एकाहत्तर. एकतीस वर्षं दर रविवारी संध्याकाळी चापो टीव्हीवर नदीत पडत होता आणि दर गुरुवारी सकाळी टोकियोतल्या या तळघरात बाई त्याला बोलतं करत होत्या. दोन वर्षांपूर्वी एका सर्दीनंतर त्यांची वरची पट्टी गेली ती गेलीच. पण हे त्यांना सांगणार कोण? कुराहाशी या धंद्यात नवखा असताना माइक कसा लावायचा हेही त्याला बाईंनीच शिकवलेलं.

म्हणून त्याने आपला एक मार्ग काढला. बाई बाराला निघाल्या की दार लागायचं, आणि मिहारू नावाची पोरगी चापोची सगळी वाक्यं पुन्हा बोलायची. एरवी मिहारू त्या मालिकेत बदकं, बाजारातली गर्दी आणि गरज पडली तर बेडूक असायची. तिचं नाव सुचलं तेसुद्धा बाईंच्याच तक्रारीवरून. "ती बदकवाली माझ्या मागे माझी नक्कल करते," सर्दीने बेजार असताना त्या कुरकुरल्या होत्या. "आणि मेली हुबेहूब करते!"

पडद्यावर नाव मात्र बाईंचंच. रविवारी मालिका संपली की मिहारूच्या आईचा अकिताहून फोन यायचा.

"ऐकलंस ना आज चापोला? शीक जरा त्या बाईंकडून. तू अजून किती दिवस पॅकपॅक करणार आहेस?"

"शिकते गं आई," मिहारू म्हणायची.

बाई स्वतः मालिका बघत नसत. त्या वेळी त्या गल्लीतल्या सार्वजनिक न्हाणीघरात गळ्यापर्यंत गरम पाण्यात असत. कुराहाशी त्या न्हाणीघराला मनोमन हात जोडायचा.

बाईंचं वय आताशा दिसायला लागलं होतं. कलाकार आपलं स्क्रिप्ट कधी मागे ठेवत नाही. बाई दर गुरुवारी विसरून जायच्या. पानोपानी लाल पेन्सिलीच्या खुणा. इथे श्वास, इथे नाही, इथे हसू गिळायचं. त्याने मिहारूचं काम हलकं व्हायचं आणि मन जड. त्यात निघताना बाई तिच्या हातात भाताचा एक गोळा ठेवायच्या.

"खा. रिकामं पोट माइकला सगळ्यात आधी ऐकू येतं."

"पण बाई, माझं काम तर झालं."

"झालं का? मग घरी जाऊन खा."

तो गोळा मिहारू भिंतीकडे तोंड करून खायची. भातही बाईंचा, चापोही बाईंचा.

गेल्या वर्षी दुसऱ्या एका मालिकेतले म्हातारे नट निवृत्त झाले. त्यांच्या हाताखाली वीस वर्षं तयार झालेली शिष्या तशीच राहिली. भूमिका गेली एका गाजलेल्या गायिकेकडे. स्टुडिओत सगळे हळहळले. बाईंनी नुसता चहावर फुंकर घातली.

"पोरीची चूक एकच. जागा रिकामी व्हायची वाट बघत बसली."

आज रेकॉर्डिंग संपल्यावर बाईंनी सावकाश चष्मा पुसला. "कुराहाशी, पुढच्या महिन्यापासून मी यायची नाही. पुरे आता."

कुराहाशी धावत काचेमागून बाहेर आला. "असं नका करू, बाई! चॅनेलवाले टपून बसलेत. चापोसाठीही त्यांची एक गायिका ठरलेली आहे."

मिहारूने मान खाली घातली. गायिका आली की आपण पुन्हा बदकांत. आणि दोन वर्षं चापो कोण बोलत होतं, हे जन्मात कुणाला कळणार नाही.

"मग त्यांना दाखवायला तुझ्याकडे दुसरं कुणी आहे का?" बाईंनी विचारलं.

कुराहाशीने मिहारूकडे पाहिलं. तिने तोवर जमिनीला कपाळ टेकलंही होतं.

"माफ करा, बाई. दोन वर्षं चापो मीच बोलतेय. तुम्ही गेल्यावर."

मागे कुणाचं तरी पोट गुरगुरलं, ते सगळ्यांना ऐकू आलं.

"दोन वर्षं," बाई म्हणाल्या. "म्हणजे शंभरेक भाग झाले. आणि एकाही पोराचं तक्रारीचं पत्र नाही?"

"एकही नाही," कुराहाशी पुटपुटला.

"मग हेच त्यांना जाऊन सांग की. माझ्या तोंडाकडे काय बघतोस?"

त्याने जाऊन सांगितलं. चॅनेलवाले आधी तापले, मग विचारात पडले. शंभर भागांत मुलांना फरक कळला नाही, तर आता आवाज बदलून त्यांची रडारड कशाला ओढवून घ्यायची? चार दिवसांत मिहारूचं नाव पक्कं झालं.

"त्या बाईंच्या जागी तू?" आई फोनवर घाबरली. "सांभाळ गं. लोकांना लगेच फरक कळतो."

शेवटच्या गुरुवारी बाईंना मोठा पुष्पगुच्छ मिळाला. कुराहाशी रडला. मिहारू तर आधीपासूनच रडत होती. बाईंनी खोकत खोकत तिच्या हातात लाल पेन्सिल ठेवली. "पुरे गं. नाक चोंदलं तर चापो कसा बोलणार?"

"स्टॉपपर्यंत सोडते, बाई."

"काही नको. कामाला लाग."

बाहेर आल्या तर कोपऱ्यावरून त्यांची बस सुटत होती. बाईंनी वळून स्टुडिओच्या दाराकडे पाहिलं. दारात कुणी नव्हतं. मग फुलं छातीशी धरून त्या धावत सुटल्या.

"थांबा! मीपण येतोय!"

ड्रायव्हरने करकचून ब्रेक दाबला. बसमधली तीन पोरं खिडकीला नाक लावून चापोला शोधू लागली.

'येतोय' कुठेही फाटलं नव्हतं.