दोन थापा

कार्लाने फरशीवर तळहात दोनदा आपटला. ड्वेन थांबला नाही. त्याच्या उजव्या हातात मुठीएवढा डिजिटल कॅमेरा होता आणि डावा हात तिच्या गळ्यावर.

लॉरेन दारात उभी होती. या फिल्मच्या डिस्कच्या कव्हरवर तिचा फोटो हवा होता, म्हणून तिला बोलावलं होतं. हा सगळा धंदा ज्या खोऱ्यात चालायचा, त्या व्हॅलीतल्या ब्लू फिल्मांची ती राणी. तिचा चेहरा असला की माल हातोहात खपे, त्यामुळे तिच्या अटी निर्माते मुकाट्याने पाळत. पहिली अट हीच: दोन थापा पडल्या की सगळं तिथल्या तिथे थांबायचं. पुढे ती व्हॅलीतल्या सगळ्याच बायकांची अट झाली. तेव्हा सेटवर दहा माणसं असायची, कुणी ना कुणी 'थांबा' म्हणून ओरडायचंच. आता या चिमुकल्या कॅमेऱ्याने सगळ्यांना घरी बसवलं होतं. ड्वेनच दिग्दर्शक, ड्वेनच नट.

पुन्हा दोन थापा पडल्या. या वेळी अगदी हळू.

"ड्वेन, सोड तिला!"

"गप, महाराणी. तुझे नियम गेले फिल्मच्या रिळांबरोबर. लोकांना आता खरंखुरं लागतं."

कार्लाचे ओठ काळेनिळे पडले होते. लॉरेनच्या तळपायाची आग मस्तकात गेली. तिने दिव्याचा लोखंडी स्टँड उचलला आणि त्याच्या डाव्या मनगटावर घातला. हाड मोडलं. कार्ला खोकत, सरपटत भिंतीला जाऊन टेकली.

ड्वेनने कॅमेरा टाकला, तो उठला आणि त्याने उजव्या मुठीने लॉरेनच्या तोंडावर ठोसा मारला. तिचा ओठ फाटला.

"याच थोबाडावर जगतेस ना?" त्याने दुसरा ठोसा मारला.

तिने स्टँड त्याच्या नडग्यांवर हाणला. तो उताणा पडला. ती त्याच्या छातीवर बसली आणि स्टँडचा दांडा त्याच्या गळ्यावर आडवा दाबला.

"सोडू नकोस," कार्ला घोगऱ्या आवाजात म्हणाली. "मेला तरी सोडू नकोस."

लॉरेनलाही तेच हवं होतं. तिने अंगाचा सगळा भार दांड्यावर टाकला. ड्वेनचे डोळे पांढरे होऊ लागले. त्याचा धड हात फरशीवर आपटला. एकदा. मग पुन्हा.

लॉरेनने दांडा लगेच उचलला.

तो हपापल्यासारखा श्वास घेऊ लागला. तिच्या ओठातलं रक्त त्याच्या शर्टावर ठिबकत होतं.

"बघ," ती म्हणाली, "थांबता येतं."