डावा हात

"बघ मावशी, मी डोळे मिटून चढेन!" भाचीनं मांडीवरच्या लॅपटॉपची बटणं दाबली आणि पडद्यावरची मुलगी कड्यावर सरसर निघाली. उद्या सकाळी मावशी चौघांना घेऊन खऱ्याखुऱ्या त्याच कड्यावर जाणार होती. पाचवी म्हणून मला ने, एवढाच भाचीचा हट्ट.

मावशी वीस वर्षं लोकांना कडे चढायला शिकवत आलेली. गेमबिम म्हणजे तिच्या लेखी रिकामटेकड्यांचे धंदे. पण आता बघा, चष्मा सावरत पडद्यात पार घुसली होती. "अगं बाई! ही भेग तंतोतंत तशीच की! आणि इथे दम लागतो, तेही कळतं याला?"

"सगळा कडा मोजून बनवलाय. तीनशे वेळा चढलेय मी. घसरते, थकते, बोटंसुद्धा सोलतात तिची."

"तिची," मावशी म्हणाली.

शेवटी कडा पुढे झुकला होता. मुलीनं पाय सोडले, डावा हात वर टाकला, चार बोटं एका खोबणीत अडकवली आणि झोका घेऊन माथ्यावर पोचली. भाचीनं ऐटीत मावशीकडे पाहिलं.

मावशीच्या चेहऱ्यावरचं कौतुक उतरलं होतं. "परत दाखव. डावा हात कुठे टाकलास?"

परत दाखवलं. तीच खोबण.

"हा गेम आणलास कुठून?"

भाची चाचरली. "मैत्रिणीनं दिला. क्रॅक केलेला आहे. विकतचा कुणाला परवडतो? फुकट ते पौष्टिक! फक्त नवे अपडेट येत नाहीत, बाकी डिट्टो."

"तरीच. मागच्या वर्षी ती गेमवाली माणसं कडा पुन्हा मोजून गेली."

"पुन्हा का?"

मावशी उठून आत गेली. आतल्या खोलीचं दार धाडकन आपटलं, कारण दाराला लावलेला दगडच ती उचलून घेऊन आली. चांगला दोन विटांएवढा. तिनं तो भाचीसमोर ठेवला.

"निखळून माझ्याच हातात आला हा. दोर होता म्हणून आज तुझ्याशी बोलतेय. आता सांग, तिथे काय धरशील?"

भाचीनं दगड इकडून तिकडून न्याहाळला, उलटा केला आणि डाव्या हाताची चार बोटं हळूच त्या खोबणीत घालून पाहिली.

बरोब्बर बसली.