पूर्ण सुनावणी

"मधे कुठं तरी थांबवलं असेल तुम्हाला. आठवून पहा, सर."

"नाही रे. नाही थांबवलं."

अनिल वकिलाने हुकुमाचा कागद पुन्हा पहिल्या ओळीपासून वाचायला घेतला. तेलुगू मुलखातल्या जामबाग भागातल्या मराठी शाळेची मान्यता काढून घेतल्याचा तो हुकूम होता. शाळेचे सेक्रेटरी भगवंतराव समोर खुर्चीत बसून होते. अनिलला त्यांनीच सातवीपर्यंत गणित शिकवलं होतं. आता त्याच्याच हिमायतनगरच्या ऑफिसचा जिना चढताना त्यांचा जीव मेटाकुटीला येई.

याआधी दोनदा असाच हुकूम निघाला होता आणि दोनदा हायकोर्टाने तो मोडला होता. मान्यता का काढू नये, अशी नोटीस द्यायची आणि उत्तर न वाचताच मान्यता काढायची, ही शिक्षण खात्याची जुनी खोड. शाळेला बोलावून तिचं म्हणणं ऐका, एवढंच कोर्ट म्हणालं आणि अनिलने दोन्ही वेळा पेढे वाटले. शाळेत पोरं किती उरलीत, या प्रश्नाला कोर्टाने हातसुद्धा लावला नाही.

या खेपेला मात्र खात्यात नवा साहेब आला होता आणि हुकमाआधी त्याने भगवंतरावांना सुनावणीला बोलावलं होतं.

"नेमकं काय झालं तिथं?" अनिलने विचारलं.

"खुर्ची दिली. फोन उचलून बाजूला ठेवला. म्हणाले, 'आरामसे बोलो मास्टरसाब, मैं सुनरा हूँ.' मी बोलत गेलो. चहा आला, तो गार झाला, तरी त्यांनी घड्याळ पाहिलं नाही."

हे सांगतानासुद्धा भगवंतरावांना बरं वाटत होतं. दर मे महिन्यात ते शाळेसाठी पोरं मागत दारोदार फिरत. आपलीच मराठी माणसं अगत्याने आत बोलवत, पोहे खायला घालत आणि शाळेचं नाव काढताच गाडी उन्हाळ्यावर नेत. या परक्या माणसाने मात्र त्यांचं प्रत्येक वाक्य पुरं होऊ दिलं. इतक्या वर्षांत असं कुणी ऐकलं नव्हतं.

"आणि हे नातवंडांचं कशाला बोललात?" अनिलने कागदावर बोट ठेवलं. "सेक्रेटरींची स्वतःची नातवंडं इंग्रजी शाळेत जातात, असं लिहिलंय यात."

"त्यांनी विचारलं, मी सांगितलं."

"गप्प बसायचं ना, सर."

आपलेच दात, आपलेच ओठ. त्यांचा मुलगा मंदार कॉम्प्युटर कंपनीत होता आणि त्याला अमेरिका दिसत होती. पोरांना आपल्या शाळेत घाल, असं म्हटल्यावर तो नुसता हसला होता. भगवंतरावांनी दुसऱ्यांदा विचारलं नाही.

"मग अवघड आहे," अनिल म्हणाला. "ऐकलं नाही म्हणून आपण दोनदा जिंकलो. आता ऐकून घेऊन हुकूम काढलाय. कोर्ट यात काय करणार?"

"म्हणजे जूनला शाळा उघडायची नाही?"

"नाही."

भगवंतरावांना सातवीची पोरं आठवली. मराठवाड्यातून कामाला आलेल्या घरांमधली. इकडे सातवीलाच बोर्डाची परीक्षा, ती यंदा त्यांना द्यायची, आणि ऐन वेळी तेलुगू मिडियमच्या बाकावर नेऊन बसवलं तर त्यांचं मातेरं होणार होतं.

अनिल उठला, दार लोटून घेऊन परत आला.

"एक रस्ता आहे. बोलू दिलं नाही, पाच मिनिटांत उठवलं, असं ॲफिडेव्हिट करू. आत तुम्ही दोघंच होतात. वर्षभराचा तरी स्टे मिळतो. तोवर पोरांची परीक्षा होऊन जाईल."

"खोटंच की ते."

"हौ सर, खोटंच."

अनिलने घाई केली नाही. शेवटी भगवंतरावांनी होकारार्थी मान हलवली, तेव्हा त्याने टायपिस्टला आत बोलावून मजकूर सांगितला.

टाइप होऊन कागद समोर आला. आपण त्या खोलीत शिरलो आणि तोंड उघडायच्या आत आपल्याला बाहेर काढलं गेलं, असं भगवंतरावांनी स्वतःच्याच नावाखाली वाचलं. त्यांना मनापासून लाज वाटली.

"त्यांना कधी विचारणार?"

"कुणाला, सर?"

"त्या साहेबांना. ऐकलं की नाही ते."

"स्टे अगोदर होतो," अनिल म्हणाला. "त्यांचं म्हणणं नंतर मागवतात."

"नंतर म्हणजे?"

"निघून जातं वर्ष, दीड वर्ष. परेशान होऊ नका, असंच चालतं."

भगवंतरावांनी चष्मा पुसून डोळ्यांवर चढवला आणि सही कुठं करायची ते विचारलं.