दुसरा राघू
मेडशीच्या जानरावाचे वडील बाहात्तरच्या दुष्काळात वारले, त्यांचा राघू मात्र राहिला. दारावरून कुणी गेलं की तो म्हाताऱ्याच्याच आवाजात ओरडायचा, "जोहार, मायबाप!" घर कधीच बौद्ध झालं होतं, वाकून जोहार घालणं सुटलं होतं, राघूचं सुटलं नव्हतं. "सोडून दे त्याले, माय. लोकायसमोर मान खाली जाते," जानराव म्हणायचा. "त्याच्या गयात तुया बाप हाये. मी नाई सोडत," भागिरथा म्हणायची. शेवटी जानरावानं राघूचं एक पिल्लू आणलं आणि रोज सकाळी त्याला 'जय भीम' शिकवू लागला. जुनं काही त्याच्या कानावर पडू नये म्हणून पिंजरा मागच्या पडवीत टांगला. पण एकटं पिल्लू काही खाईना, नुसतं चिरकत राही. भागिरथेनं पिंजरा उचलून जुन्या राघूशेजारी आणून ठेवला. तो आधी पिसं फुगवून धावला, मग सरकत सरकत गजांपाशी येऊन बसला. पिल्लू पेरू खाऊ लागलं. "काहून ठेवलं इथं? तेई तेच शिकीन आता," जानराव भडकला. "मंग मरू देऊ त्याले?" पिंजरा तिथंच राहिला. एका सकाळी शिकवणी चालू असताना पिल्लानं पहिल्यांदा तोंड उघडलं. ते ना 'जय भीम' म्हणालं, ना 'जोहार'. ते खाकरलं. म्हातारा घरात पाऊल टाकताना असाच खाकरायचा, आणि जुना राघूही अधूनमधून. चुलीपुढच्या भागिरथेनं चटकन डोक्यावर पदर ओढला, आणि ओट्यावर बसलेला जानराव नकळत उठून उभा राहिला.