सगुणाबाईंचे वाल

"शकू, वालाचा डबा काढ गो. आज पेरतो."

शकू जागची हलली नाही. सासरे हैबतराव टोपली घेऊन ओटीवर उभे होते. भात कापून झालं होतं, शेतात अजून ओल होती, आणि सकाळी कंपनीत शिफ्टला जाताना तिचा नवरा मोरू बापाला बजावून गेला होता, "बाबा, यंदा तरी पेरा. बी जुनं झालं की उगवत नाय."

डबा सासूबाईंचा. सगुणाबाईंना जाऊन दोन पावसाळे झाले. जाण्याआधी आठवडाभर त्यांनी वाल निवडले, राख चोळली आणि डबा माळ्यावर ठेवला. त्यांच्या हातचं घरात तेवढंच उरलं होतं. गेल्या साली हैबतरावांनी पेरलंच नाही. बायकोचं बी म्हाताऱ्याला संपवायचं नाही, असं अख्खं गाव म्हणालं.

आणि शकूने काय करून ठेवलं! आईविना वाढलेली पोर ती. सासूची आठवण आली की डबा उघडून आत हात घालून बसायची. ह्या श्रावणात झाकण नीट लावायचं राहिलं आणि भुंग्यांनी सगळे वाल पोखरून टाकले. मेली माझी अक्कल कुठे गेली होती, म्हणत तिने कपाळ बडवून घेतलं. मग रोह्याच्या बाजारातून वाल आणले, राख चोळली, डबा होता तसा भरून ठेवला. 

तिने डबा पुढे केला. हैबतरावांनी मूठभर वाल घेतले. फुंकर मारून राख उडवली. एक दाणा उजेडात धरला, मग दाताखाली फोडला. आणि शकूकडे वळले.

"हे कुठनं आणलंस?"

शकू डबा खाली ठेवून त्यांच्या पायाशी बसली. "मामंजी, काय वाटेल ते बोला मला. आत्याबाईंचं बी माझ्या हातनं गेलं. तुमाला सांगायचा धीरच नाय झाला."

ती हमसून हमसून रडायला लागली.  हैबतराव टोपली बाजूला ठेवून तिच्या शेजारी उकिडवे बसले.

"रडू नको, पोरी. सगुणेचं बी पहिल्याच पावसाळ्यात किडलं व्हतं. तू डब्यात हात घालून बसायचीस, म्हणून खांब गावाहून वाल आणून मीच भरले व्हते."