कादंबरीतला टकल्या

आमच्या पॅरिसमध्ये नटीनं कादंबरी लिहिली, की प्रकाशक ती आधी माझ्यासारख्या वकिलाकडे धाडतो. आतली माणसं ओळखू आली तर खटला ठरलेलाच. तीस वर्षं पडद्यावर रडून झाल्यावर सोलेननं जी कादंबरी लिहिली, तिच्यात नटीला जन्मभर फसवणारा एक हलकट, टकला दिग्दर्शक होता. मी त्याचं नाव बदललं, गाव बदललं आणि डोक्यावर भरघोस कुरळे केस चढवले.

पुस्तक बाजारात आलं आणि कुरळ्या केसांच्या तीन दिग्दर्शकांचे फोन आले. तिघेही ओरडत होते, "तो हलकट मीच आहे! कोर्टात खेचतो!"

मी धावत सोलेनच्या घरी गेलो. ती पावाला लोणी लावत होती.

"बाई, यातला खरा कोण, तेवढं तरी सांगा!"

तिनं लोण्याची सुरी समोर कादंबरी वाचत बसलेल्या दिग्दर्शक नवऱ्याकडे, तिबोकडे वळवली.

तिबोनं कादंबरी मिटली, डोळे पुसले आणि टकलावरून हात फिरवत तो म्हणाला, "सोलेन, कोण गं हा हलकट? नाव सांग, थोबाडच फोडतो त्याचं!"