खेळायला सोडण्याआधी

लेकीला कुणाकडे खेळायला सोडण्याआधी कोलीन त्या घरच्या आईला न चुकता विचारायची, "घरात बंदूक नाही ना गं?" "छे, काहीतरीच काय!" असं हसून उत्तर आलं, की ती निर्धास्त व्हायची.

मग शेजारी घरफोडी झाली. कोलीनने शेरीफच्या पोलीस कचेरीत बोटांचे ठसे देऊन पिस्तूल लपवून बाळगायचा परवाना मिळवला, एक पिस्तूल विकत घेतलं आणि ते पर्समध्ये टाकलं.

त्याच आठवड्यात लेकीच्या मैत्रिणीच्या आईचा, ग्रेचेनचा फोन आला. "उद्या धाकटीला पाठवते तुझ्याकडे. तुझंच बघून शिकलेय बाई, रागावू नकोस. घरात बंदूक नाही ना?"

आहे म्हटलं, तर लेकीशी खेळायला कुणी फिरकणार नव्हतं.

"छे, काहीतरीच काय!" कोलीन हसली.



फोन ठेवला, आणि आजवर जिच्या जिच्या घरी लेकीला बिनघोर सोडलं होतं, ती प्रत्येक आई तिला हसताना दिसू लागली.